युरिया कोणत्या रागात बसवावा?

सिनेमाच्या संगीतकाराचं एक बरं असतं. नायक असतो, नायिका असते, पाऊस कधी पडणार ते आधीच ठरलेलं असतं, आणि नायिका भिजली की काय वाजवायचं याबद्दल बोलपट सुरू झाल्यापासून कुणाचं दुमत नाही. माहितीपटाच्या संगीतकाराकडे पाऊस येतो तो मिलिमीटरमध्ये, आणि भिजतं ते सोयाबीन. मग पडद्यावर हेक्टरी उत्पादनाचा आलेख वर चढतो, शेतकरी दादा हातात रोप धरून कॅमेऱ्याकडे न बघण्याचा प्रयत्न करत कॅमेऱ्याकडेच बघतात, आणि दिग्दर्शक मला म्हणतो, "इथं काहीतरी फील येऊ दे."

कसला फील? युरियाच्या गोणीवर ४६ टक्के नत्र असं स्वच्छ छापलेलं असतं. राग कोणता, प्रहर कोणता, हे त्या गोणीवर कुठंही नसतं. शास्त्रकारांनी पहाट, संध्याकाळ, वर्षा, वसंत, विरह या सगळ्यांची सोय लावून ठेवली, पण शोषखड्डा, जंतनाशक गोळी, शेळीपालन, गांडूळखत आणि निर्धूर चूल यांच्याकडे साफ दुर्लक्ष केलं. हा अनुशेष भरून काढायचं काम आमच्यासारख्यांच्या वाट्याला आलं आहे. गांडूळखताला मंद्र सप्तक, एवढं मी अनुभवानं ठामपणे सांगू शकतो. बाकी सगळं अजून वादग्रस्त आहे.

तसे काही संकेत आमच्या घराण्यातही आहेत. आमचं घराणं म्हणजे फिल्म्स डिव्हिजन. १९४८ साली ही संस्था सुरू झाली आणि पुढची कित्येक दशकं थिएटरात मुख्य चित्रपटाआधी तिची फिल्म दाखवणं मालकांना बंधनकारक होतं. या फिल्म्सनी देशाची वाद्यवार प्रांतरचना केली. बासरी वाजली की गाव. संतूर वाजलं की काश्मीर. जलतरंग म्हणजे धरण. सनई म्हणजे मंत्री पोचले. सतारीचा झाला म्हणजे भट्टीतून पोलादाचा रस बाहेर पडतोय. डोळे मिटून बसलं तरी पंचवार्षिक योजना कुठवर आली ते कळायचं. सारंगीचं खातं मात्र आकाशवाणीनं आधीच स्वतःकडे घेतलं होतं. देशाचा मोठा नेता गेला की रेडिओवर सारंगी, त्यामुळे एका अख्ख्या पिढीला सारंगी ऐकली की आधी छातीत धस्स होतं आणि मग राग ओळखता येतो.

गंमत अशी, की याच संस्थेत विजय राघव राव नावाचे बासरीवादक संगीतकार बसून असलं काही करत होते, की आजच्या स्टुडिओतली पोरंही कान टवकारतील. प्रमोद पतींचे प्रयोगपट, सुखदेव यांचा 'इंडिया ६७', शिवाय बाहेर मृणाल सेन यांचा 'भुवन शोम' (१९६९), हे सगळं त्यांचं काम. म्हणजे त्या काळातलं देशातलं सर्वांत धाडसी संगीत आठवड्याला लाखो लोकांपुढे सक्तीनं वाजत होतं. लोक तेव्हा बाहेर उभे राहून बटाटेवडा खात होते. "अजून डॉक्युमेंटरीच चालू आहे," असं दारावरचा माणूस सांगायचा आणि लोक निश्चिंत मनानं दुसरा वडा घ्यायचे. एवढा मोठा आणि एवढा गैरहजर श्रोतृवर्ग जगात क्वचितच कुणा संगीतकाराला लाभला असेल.

आता फिल्म कशी बनते ते पाहा. आधी विषय मंजूर होतो, मग संहिता, मग शूटिंग, मग शूटिंगमधला तो भाग जो साहेबांना दाखवायचा, मग साहेबांनी सुचवलेला भाग, मग एडिटिंग. या प्रवासात संगीताचा उल्लेख "म्युझिकचं नंतर बघू" या एकाच वाक्यात होतो. हा नंतर उगवतो तेव्हा पैसे संपलेले असतात आणि उद्घाटनाची तारीख छापून झालेली असते. निर्माता फोन करतो. "अहो, छोटंसंच काम आहे. अठरा मिनिटांची फिल्म, त्यातलं निम्मं तर निवेदनच आहे." निवेदन चालू असताना खाली संगीत लागत नाही, अशी त्याची समजूत असते. पैसे मात्र त्या समजुतीनुसार ठरतात.

मग रफ कट येतो. रफ कटवर एडिटरनं स्वतःच्या आवडीचं कुठलं तरी संगीत तात्पुरतं लावून ठेवलेलं असतं. आमच्या धंद्यातली निम्मी भांडणं या तात्पुरत्या संगीतावरून होतात. शेळीपालनाच्या एका फिल्मवर 'इंटरस्टेलर' लावलेलं होतं. 'इंटरस्टेलर'चा ऑर्गन हान्स झिमरनं लंडनच्या टेंपल चर्चमध्ये जाऊन ध्वनिमुद्रित केला होता. त्या ऑर्गनच्या गजरात आमच्या उस्मानाबादी शेळ्या गोठ्यातून एकेक करून बाहेर पडत होत्या, आणि खरं सांगायचं तर शोभत होत्या. शेवटच्या शेळीनं मागं वळून पाहिलं तेव्हा ती आता परत येणार नाही असंच वाटलं. दिग्दर्शकानं ते दृश्य महिनाभर पाहिलेलं. तो म्हणाला, "अगदी असंच हवं. फक्त हे नको."

"म्हणजे?"

"म्हणजे हाच इफेक्ट, पण आपल्या मातीतला. आणि ऑर्गनला वगैरे बजेट नाही."

आपल्या मातीतला, चर्चच्या ऑर्गनचा परिणाम देणारा, विनाखर्च असा आवाज मी शेवटी हार्मोनियमच्या भात्यातून काढला. साहेबांनी तो ऐकला आणि विचारलं, "भजन कशाला?"

बजेटची रड मात्र जागतिक आहे. १९३६ साली ब्रिटनच्या टपाल खात्यानं रात्रीच्या मेल गाडीवर 'नाइट मेल' नावाची फिल्म केली. टपाल खातं म्हणजे सरकारी खातं. मोठा वाद्यवृंद परवडणार नव्हता. संगीतकार होता बाविशीतला बेंजामिन ब्रिटन. त्यानं थोडकी वाद्यं घेतली आणि गाडीच्या आवाजासाठी पॉलिश पेपर घासण्यासारखे उद्योग केले. फिल्म अजरामर झाली. सगळे ब्रिटनच्या प्रतिभेबद्दल बोलतात. मला कुतूहल आहे ते वेगळं: संगीत विभागाच्या खर्चात पॉलिश पेपर दाखवल्यावर टपाल खात्याच्या हिशेबनिसानं काय शेरा मारला असेल?

प्रत्यक्ष काम सुरू झालं की सगळा मामला सेकंदांवर येतो. आपल्याकडे टीव्हीसाठी सेकंदाला २५ फ्रेम. लय मिनिटाला ६० मात्रांची ठेवली की एक मात्रा बरोबर एक सेकंद. इथवर हिशेब फार सोपा आहे. रूपक सात सेकंदांत संपतो, झपताल दहा, एकताल बारा, तीनताल सोळा. चौदा सेकंदांचा शॉट आला तर धमार आहे, दीपचंदी आहे. आपल्या पूर्वजांनी बरीच सोय करून ठेवली आहे. पण एडिटर तालाचा अभ्यास करून कापत नाही. तो पाठवतो साडेअकरा सेकंदांचा शॉट. साडेअकरा मात्रांचा ताल एखाद्या बुजुर्ग तबलजीकडे निघेलही, पण ते त्याचं शास्त्र समजावून सांगेपर्यंत स्टुडिओची शिफ्ट संपते. मग लय मिनिटाला ६२.६ करा, बारा मात्रा साडेअकरा सेकंदांत कोंबा, आणि ठिबकच्या नळीतून पहिला थेंब सुटतो तिथं सम आणून ठेवा. रात्री दोन वाजता थेंब आणि सम एकत्र येतात. त्या क्षणाचा आनंद कुणालाही सांगता येत नाही, कारण घरी सगळे झोपलेले असतात आणि उठवून सांगण्याजोगा तो विषय नसतो.

सकाळी एडिटरचा मेसेज येतो: "सर, फायनल लॉकमध्ये फक्त आठ फ्रेम काढल्यात." आठ फ्रेम म्हणजे सेकंदाचा जवळजवळ एक तृतीयांश. आता थेंब आधी पडतो आणि सम मागून धापा टाकत येते. त्या फोल्डरात आधीच 'फायनल लॉक', 'फायनल लॉक नवीन' आणि 'फायनल लॉक साहेब ओके' अशा तीन फायली असतात. लॉक या शब्दावरचा विश्वास उडायला आमच्या धंद्यात फार वेळ लागत नाही.

त्यात निवेदन. निवेदक श्वास घेतो तेवढी जागा संगीताची, असा अलिखित करार आहे. पण सरकारी संहितेत स्वल्पविराम असतात, श्वास नसतात. "तालुकास्तरीय समन्वय समितीच्या माध्यमातून राबवण्यात येणाऱ्या" इथून वाक्य सुटतं ते थेट लाभार्थ्यापाशी थांबतं. शिवाय बोलण्यातली स, ट, क ही व्यंजनं ज्या पट्टीत स्पष्ट होतात, साधारण दोन ते चार हजार हर्ट्झ, नेमकी तिथंच बासरीची फुंक आणि व्हायोलिनची धार चमकते. दोघं एकदम बोलले की मिक्सिंगवाला निवेदन वर घेतो आणि बासरी खाली दाबतो. त्याचं बरोबर आहे. "स्फुरद" ऐकू आलं नाही तर पिकाचं नुकसान. तार षड्ज ऐकू आला नाही तर फक्त माझं.

आता जरा आतली गोष्ट सांगतो. माहितीपटात निवेदकाला खोटं बोलता येत नाही. त्याच्या हातात अहवाल असतो, आकडे असतात, तज्ज्ञांनी तपासलेली संहिता असते. कॅमेऱ्यालाही फारसं बोलता येत नाही. समोर जे आहे ते आहे. त्यामुळे खोटं बोलायचं काम संगीतकाराकडे येतं, आणि त्याचं सेन्सॉर होत नाही, कारण सुरांखाली सही कुणाची घेणार?

एक साधा शॉट घ्या. एक अधिकारी बगलेत फाइल मारून कचेरीतून बाहेर येतात आणि गाडीत बसतात. खाली तानपुरा आणि बासरी लावा: हा माणूस रात्रंदिवस जनतेसाठी झटतोय. तीच बासरी काढून खर्जातला एक सूर नुसता धरून ठेवा, त्यावर अधूनमधून घड्याळाची टिकटिक सोडा: आता फाइलमध्ये काय आहे, आणि गाडीत किती आहेत, एवढाच प्रश्न उरतो. लग्नातला क्लॅरिनेट लावा: त्यांची निवृत्ती दोन महिन्यांवर आली आहे. साहेब तेच, फाइल तीच, गाडीसुद्धा खात्याचीच. फ्रेंच दिग्दर्शक ख्रिस मार्करनं सायबेरियावरच्या आपल्या फिल्ममध्ये याकुत्स्क शहराची तीच ती दृश्यं तीन वेगवेगळ्या निवेदनांनी दाखवली: एकदा कौतुकानं, एकदा निंदेनं, एकदा तटस्थपणे. मार्करला त्यासाठी तीनदा लिहावं लागलं. आम्हाला एक पट्टी बदलली की पुरतं.

सर्वांत मोठे बळी म्हणजे प्राणी. त्यांची बाजू ऐकून घेण्याची पद्धतच नाही. मुळात रानातले बरेच शॉट लांबच्या लेन्सनं, कितीतरी अंतरावरून घेतलेले असतात, त्यामुळे तिथला आवाज आलेलाच नसतो. कोळ्याच्या पावलांचा जो आवाज तुम्ही कान देऊन ऐकता, तो मागाहून स्टुडिओत माणसानं काढलेला असतो. त्यावर मग आम्ही. हरणाच्या पाडसावर फिल्म असेल तर वाघीण आली की ढोल घुमतात, खर्जात चेलो गुरगुरतो, प्रेक्षक खुर्चीला धरून बसतात. फिल्म त्याच वाघिणीवर असेल, तिला तीन भुकेले बछडे असतील, तर तोच पाठलाग वीरश्रीच्या सुरावटीत होतो आणि हरीण म्हणजे मुलांचा डबा ठरतो. 'प्लॅनेट अर्थ २' (२०१६) मधला गालापागोसचा तो प्रसंग जगभर गाजला: अंड्यातून नुकतीच बाहेर आलेली इग्वानाची पिल्लं आणि त्यांच्यामागे लागलेले साप. पिल्लू निसटलं तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या. सापही सकाळपासून उपाशी होते, हे एकाही वाद्यानं सुचवलं नाही.

पेंग्विनांची तर दोन देशांत दोन चरित्रं झाली. ल्युक जाके या फ्रेंच दिग्दर्शकानं अंटार्क्टिकातल्या पेंग्विनांवर २००५ साली फिल्म आणली. मूळ फ्रेंच आवृत्तीत पेंग्विन स्वतः बोलतात, नवराबायकोच्या थाटात, आणि संगीत एमिली सिमोन या गायिकेचं, इलेक्ट्रॉनिक आणि स्वप्नाळू. अमेरिकेत न्यायची वेळ आली तेव्हा तिथल्या लोकांना बोलणारे पेंग्विन पटेनात. मग पेंग्विनांना गप्प केलं, मॉर्गन फ्रीमनला बोलायला लावलं, आणि अ‍ॅलेक्स वर्मन यांच्याकडून संपूर्ण संगीत नव्यानं करून घेतलं. बर्फ तोच, अंडी तीच, वाराही तोच. फ्रान्समध्ये ती प्रेमकथा होती, अमेरिकेत ती कुटुंबवत्सलता झाली, आणि तिला ऑस्कर मिळालं. पेंग्विनांना यातलं काहीच कळलं नाही. ते अजून चालताहेत.

शैक्षणिक फिल्म हा या घराण्यातला धाकटा, पण नशीबवान भाऊ. तिथं खोटं बोलावं लागत नाही, कारण पोरं लगेच ओळखतात. तिथं गाणं करावं लागतं, आणि गाणं जमलं तर धडा मागे पडून गाणंच उरतं. १९४६ साली ब्रिटनच्या शिक्षण खात्यानं शाळांसाठी वाद्यवृंदाची ओळख करून देणारी फिल्म काढली. संगीत पुन्हा बेंजामिन ब्रिटनचं, तोच पॉलिश पेपरवाला. फिल्म आता अभ्यासकांनाच ठाऊक आहे. 'यंग पर्सन्स गाइड टू द ऑर्केस्ट्रा' हे तिचं संगीत मात्र जगभरच्या सभागृहांत आजही तिकीट लावून वाजतं. आपल्याकडे 'एक अनेक और एकता' घ्या. विजया मुळे यांनी दिग्दर्शित केलेली ही फिल्म्स डिव्हिजनची छोटी अ‍ॅनिमेशन फिल्म, १९७४ सालची. संगीत वसंत देसाईंचं. शांतारामबापूंच्या 'झनक झनक पायल बाजे' आणि 'दो आँखें बारह हाथ'ला संगीत देणाऱ्या माणसानं शाळकरी पोरांना एकवचन-अनेकवचन आणि एकजूट शिकवायला चाल बांधली आणि त्यात कुठंही हात आखडता घेतला नाही. आज पन्नाशीला आलेली, आयकर भरणारी, गुडघे दुखणारी माणसं ती चाल सुरू झाली की माना डोलवतात. मूळ धडा कुठल्या इयत्तेसाठी होता ते कुणालाही सांगता येत नाही. पुण्याच्या बालचित्रवाणीतल्या गाण्यांचंही तेच. त्या गाण्यांतून कोण किती विज्ञान शिकलं ते तपासायला हवं, पण चाल विचाराल तर लोक लिफ्टमध्येसुद्धा गाऊन दाखवतात.

माझ्यासारख्या ठिबकवाल्यांनाही आशेला जागा आहे. 'लुइझियाना स्टोरी' (१९४८) ही रॉबर्ट फ्लाहर्टीची फिल्म एका बड्या तेल कंपनीच्या पैशातून झाली. विषय काय, तर दलदलीत तेलाची विहीर खणणं. तिच्या संगीतासाठी व्हर्जिल थॉमसन यांना १९४९ साली पुलित्झर मिळालं. बोअरवेलवर इतकं होऊ शकतं तर शोषखड्ड्यानं काय घोडं मारलंय?

हल्ली मात्र संगीतकाराला फोनसुद्धा येत नाही. इंटरनेटवर तयार संगीताची गोदामं आहेत. मूड निवडा, लांबी निवडा, कार्ड नंबर टाका. "आशादायी" असं टाइप केलं की एक युकलेली येते, मागं कुणीतरी शीळ घालतं, आणि शेवटी दहाबारा अदृश्य माणसं टाळ्या वाजवतात. हीच युकलेली मी विम्याच्या फिल्मला ऐकली, हागणदारीमुक्त गावाच्या फिल्मला ऐकली आणि दंतवैद्यांच्या परिषदेतही ऐकली. देशात एवढी आशा एकाच युकलेलीवर चाललेली पाहून त्या तारेची काळजी वाटते.

तरी अजून कुणी विचारतं. मध्यंतरी पाणीटंचाईवरची एक फिल्म आली. त्यात एक आजी कोरड्या विहिरीत दोरावरून उतरतात, तळाशी झिरपणारं पाणी वाटीनं हंड्यात भरतात आणि पुन्हा वर येतात. सलग एकच शॉट. दिग्दर्शकाला अर्थातच सारंगी हवी होती. सारंगीवाले खाँसाहेब आले, अप्रतिम वाजवून गेले, आम्ही दोघांनी डोळे पुसले. मग ते दृश्याखाली लावून पाहिलं. आजी एकदम केविलवाण्या दिसायला लागल्या. त्या तशा मुळीच नव्हत्या. त्या वैतागलेल्या होत्या, सरावलेल्या होत्या, आणि दोर धरणाऱ्या नातवाला मधूनच शिव्या घालत होत्या. सारंगी काढली. खाली वाटी हंड्याला लागल्याचा आवाज, दोराचा करकर आवाज आणि शिव्या, एवढंच ठेवलं. कुणाच्याही बाजूनं काही बोलायची गरज उरली नाही. फिल्म लोकांना आवडली. "या भागातलं म्युझिक फार भिडलं हो," असं एका पाहुण्यांनी मुद्दाम येऊन सांगितलं.

त्यानंतर काही महिन्यांनी ज्या कचेरीची फिल्म होती तिथून पत्र आलं. लेखापरीक्षणातला आक्षेप होता: "सारंगीवादकाच्या मानधनाचे प्रमाणक जोडलेले असून प्रत्यक्ष चित्रपटात सारंगी आढळून येत नाही. सबब सदर रक्कम आपणाकडून वसूल का करण्यात येऊ नये, याचा खुलासा सात दिवसांत करावा."

मी सविस्तर खुलासा केला. सारंगी वाजवण्यात आली होती, ती उत्तम होती, परंतु सदर दृश्य सारंगीविना अधिक खरे वाटत असल्याने ती विचारपूर्वक काढण्यात आली, आणि ती काढणे हेच या ठिकाणचे संगीतकाराचे काम होय, असं लिहिलं. वाचताना मलाच माझा अभिमान वाटला.

उलट टपाली उत्तर आलं: "खुलासा मान्य. तथापि सारंगी काढण्याचे दर मंजूर दरपत्रकात नसल्याने, पुढील वेळी ती काढण्यापूर्वी तीन दरपत्रके मागवावीत."